संगणकातील पंचांची भांडी

महिन्याची १२ तारीख होती. नव्या सांगवीतील आमची पेढी उघडून अर्धा तासही झाला नव्हता. भोसरी आणि चाकणच्या कारखान्यांना नट-बोल्ट, बेअरिंग, ड्रिल, टॅप असे फुटकळ साहित्य पुरविण्याचा आमचा व्यवसाय. सकाळच्या पहिल्या टेम्पोबरोबर बिल गेले नाही तर गाडी दारातच अडून राहते. मुनीमजींनी हिशेबाचे सॉफ्टवेअर उघडले आणि दुसऱ्याच क्षणी ते हात मागे घेऊन बसले. पडद्यावर एक लहानशी चौकट आली होती. संगणकात अमुक नावाची डीएलएल फाइल सापडत नसल्यामुळे ही आज्ञावली सुरू होऊ शकत नाही, असा त्यातील इंग्रजी मजकुराचा आशय होता.

"शेठजी, वही हरवली," मुनीमजी म्हणाले. चाळीस वर्षे खतावणी लिहिलेल्या माणसाच्या तोंडचे हे वाक्य ऐकून माझ्याही पोटात गोळा आला.

पुतण्या मात्र निर्धास्त होता. "काका, वही नाही हरवली. एक फाइल कमी आहे, दोन मिनिटांत आणतो." त्याने त्या फाइलचे नाव इंटरनेटवर शोधले, कोणत्याशा अनोळखी संकेतस्थळावरून ती फुकट उतरवून घेतली आणि सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्ये ठेवली. सॉफ्टवेअर खरोखरच सुरू झाले. टेम्पो वेळेवर गेला. घरातल्या मुलाने इंजिनिअरला न बोलावता काम केले, म्हणून मी संध्याकाळी चार जणांजवळ त्याचे कौतुकही केले.

१५ तारखेच्या सकाळी त्याच संगणकातील प्रत्येक फाइलच्या नावामागे न समजणारी अक्षरे चिकटलेली होती. बिले उघडेनात, येणेबाकीची यादी उघडेना, मुलीच्या लग्नाची छायाचित्रेही उघडेनात. पडद्यावर खंडणीचा मजकूर होता. रोजच्या हिशेबाची प्रत ज्या पेन ड्राइव्हमध्ये घेत होतो, तो सोयीसाठी संगणकाला कायमचा खोचून ठेवलेला होता. साहजिकच त्यातील प्रतही त्याच अवस्थेत होती. जीएसटीचे ३ बी विवरणपत्र भरायची मुदत २० तारखेची होती.

हे सर्व त्या एका उसन्या फाइलमुळेच घडले असे मी शपथेवर सांगणार नाही, कारण संगणकाची तपासणी करणाऱ्या तंत्रज्ञानेही ते शंभर टक्के सांगितले नाही. परंतु त्या फाइलबरोबर दुसरेही काही आत आले होते, एवढे त्याने दाखवून दिले. त्यानंतर मी या विषयाचे जमेल तेवढे वाचन केले. आपल्या समाजातील बहुतेक पेढ्यांचे वहीखाते आज संगणकावर आहे आणि ती चौकट आज ना उद्या प्रत्येकाच्या पडद्यावर येणार आहे, म्हणून हा लेखनप्रपंच.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. हे नाव बोजड असले तरी कल्पना आपल्या परिचयाची आहे. पूर्वी गावोगावी समाजाच्या पंचांकडे मोठी भांडी असत. लग्नकार्याला लागणारे हंडे, पराती, तपेली प्रत्येक घराने विकत घेऊन माळ्यावर ठेवण्याची गरज नसे. कार्य निघाले की पंचांकडून भांडी आणायची, काम झाले की परत करायची. विंडोज प्रणालीतील डीएलएल फायली या अशाच सामाईक भांड्यांसारख्या असतात. फाइल उघडणे, जतन करणे, तिची प्रत काढणे, नाव बदलणे, छपाईला पाठविणे ही कामे प्रत्येक सॉफ्टवेअरला लागतात. ती करण्याच्या सूचना प्रत्येकाने वेगळ्या लिहिण्याऐवजी एका ठिकाणी लिहून ठेवल्या आणि ज्याला लागेल त्याने तेथून घ्याव्यात, अशी ही व्यवस्था आहे.

ती निर्माण झाली काटकसरीतून. मायक्रोसॉफ्टची विंडोज प्रणाली प्रथम बाजारात आली ती नोव्हेंबर १९८५ मध्ये. त्या वेळी ती चालविण्यासाठी किमान २५६ किलोबाइट स्मृती लागत असे. आज मोबाइलवर आलेले लग्नपत्रिकेचे एक चित्रदेखील त्याहून मोठे असते. एवढ्या चिमुकल्या जागेत दोन-तीन आज्ञावल्या एकदम चालवायच्या तर एकच काम दोनदा साठवून ठेवणे परवडणारे नव्हते. म्हणून सामाईक सूचना एकदाच स्मृतीत आणायच्या आणि सर्वांनी वापरायच्या, ही पद्धत पहिल्यापासूनच रूढ झाली. आज स्मृती मुबलक आहे, तरी पद्धत टिकून आहे, कारण सामाईक फाइलमध्ये एक दोष दुरुस्त केला की ती वापरणाऱ्या सर्व आज्ञावल्यांना त्याचा लाभ होतो.

आपण रोज ही भांडी वापरतो, फक्त त्यांची नावे ठाऊक नसतात. फाइल उघडताना किंवा जतन करताना जी चौकट येते, ती वेगवेगळ्या कंपन्यांच्या सॉफ्टवेअरमध्ये इतकी सारखी का दिसते, हा प्रश्न मला कधी पडलाच नव्हता. ती चौकट पुरविणारी सामाईक फाइल १९९२ च्या विंडोज ३.१ मध्ये आली. तिच्या आजच्या वारसाचे नाव कॉमडीएलजी३२. फाइल तयार करणे, वाचणे, तिची प्रत काढणे, ती पुसणे या मूळ क्रियांची दारे कर्नेल३२ नावाच्या फाइलमध्ये आहेत. ती पुढे एनटीडीएलएल या फाइलमार्फत प्रणालीच्या गाभ्याशी बोलते, आणि मग डिस्कवर अक्षरे उमटतात. प्रती काढताना दिसणारी हिरवी पट्टी, फोल्डरची चित्रे आणि कचरापेटी म्हणजे रिसायकल बिन हे सारे शेल३२ या फाइलच्या खात्यात मोडते.

येथे व्यापाऱ्याच्या उपयोगाची एक गोष्ट सांगून टाकतो. पुसलेली फाइल कचरापेटीत सापडेल, हा समज नेहमी खरा ठरत नाही. माउसने फाइल पुसली की काम शेल३२ कडे जाते आणि फाइल पेटीत पडते. पण एखादे सॉफ्टवेअर स्वतःच्या आत बसून थेट कर्नेल३२ ला फाइल पुसायला सांगते, तेव्हा पेटीचा संबंधच येत नाही. फाइल गेली ती गेली. पेन ड्राइव्हमधून पुसलेले, तसेच दुकान व गोदाम यांच्यात जोडलेल्या सामाईक फोल्डरमधून पुसलेलेही सामान्यतः आपल्या संगणकाच्या पेटीत येत नाही. गोदामातील मुलाने "चुकून पुसले, पण पेटीत असेल" असे म्हटले तर आधी ती फाइल कोठे होती ते विचारावे.

आता पंचांच्या भांड्यांची नेहमीची तक्रार. कोणी हंडा नेऊन जुना, पोचे आलेला हंडा परत आणून ठेवायचा आणि पुढच्या कार्याला पंचाईत व्हायची. संगणकातही नेमके हेच घडत असे. एक सॉफ्टवेअर संगणकात बसविताना ते आपल्या सोयीची जुनी सामाईक फाइल नव्या फाइलवर टाकून देई आणि कालपर्यंत सुरळीत चालणारे दुसरे सॉफ्टवेअर बंद पडे. या त्रासाला संगणकाच्या जगात 'डीएलएल हेल' असे नावच पडले होते. हेल म्हणजे नरक. २००० सालच्या विंडोज २००० मध्ये प्रणालीच्या महत्त्वाच्या फायलींवर पहारा बसविण्यात आला आणि २००१ च्या विंडोज एक्सपीपासून एकाच फाइलच्या भिन्न आवृत्त्या शेजारी शेजारी नांदू शकतील अशी सोय झाली. त्रास कमी झाला, संपला नाही. आमच्या पेढीवरची फाइल नाहीशी का झाली, तेही पुढे उलगडले. आदल्या रात्री पुतण्याने लेबल छापण्याचे एक जुने सॉफ्टवेअर काढून टाकले होते. ते काढताना पडद्यावर प्रश्न आला होता की ही फाइल सामाईक आहे, काढू का? त्याने न वाचता 'होय' दाबले. आपले घर आवरताना पंचांचा हंडा भंगारात गेला!

त्याची चूक एवढीच असती तर त्यावर साधा उपाय होता. खरा धोका पुढच्या पावलात होता, आणि तो समजण्यासाठी संगणक सामाईक फाइल कशी शोधतो हे पाहावे लागते. आज्ञावली फाइलला नावाने हाक मारते. सामान्यतः शोध सुरू होतो तो त्या आज्ञावलीच्या स्वतःच्या फोल्डरपासून. तेथे नसेल तर प्रणालीचे मुख्य भांडार, म्हणजे सिस्टम३२ नावाचे फोल्डर, आणि मग इतर ठिकाणे. अगदी मूलभूत अशा काही फायली प्रणाली मुख्य भांडारातूनच घेते. बाकीच्यांच्या बाबतीत मात्र हाकेला ओ देणारी पहिली फाइल आत घेतली जाते. नाव जुळले, ठिकाण जुळले की पुरेसे. पुष्कळदा आणखी चौकशी होत नाही. आणि आत घेतल्या क्षणी त्या फाइलला आज्ञावलीचे सर्व अधिकार मिळतात. हिशेबाच्या सॉफ्टवेअरला जे वाचता येते ते तिला वाचता येते, त्याला जे पुसता येते ते तिलाही पुसता येते. पंचांचे नाव कोरलेले भांडे कोणीही आणून ओसरीत ठेवावे आणि आपण त्यात काय आहे हे न पाहता पंगतीला वाढावे, असा हा प्रकार झाला. ऑगस्ट २०१० मध्ये मायक्रोसॉफ्टने याच शोधपद्धतीतील धोक्याविषयी जाहीर सूचना काढली होती.

त्याच वर्षीचे दुसरे उदाहरण आपल्या औद्योगिक पट्ट्यातील मंडळींनी अवश्य जाणून घ्यावे. जून २०१० मध्ये बेलारूसमधील एका लहान कंपनीला स्टक्सनेट नावाची घातक आज्ञावली सापडली. ती पेन ड्राइव्हमधून पसरे. फोल्डर उघडून त्यातील चित्रे नुसती पडद्यावर आली तरी पुरे, कारण शॉर्टकटची चित्रे दाखविण्याच्या कामात, म्हणजे वर सांगितलेल्या शेल३२ च्या हद्दीत, एक भोक राहून गेले होते. मायक्रोसॉफ्टने त्याची दुरुस्ती २ ऑगस्ट २०१० रोजी तातडीने दिली. आत शिरल्यावर ही आज्ञावली सीमेन्स कंपनीच्या यंत्र-नियंत्रण सॉफ्टवेअरची एक डीएलएल फाइल शोधी, तिचे नाव बदलून तिला बाजूला सारी आणि मूळ नावाने स्वतःची फाइल बसवी. मूळ फाइल १०९ प्रकारची कामे करीत होती. तोतया फाइल त्यांपैकी ९३ कामे जशीच्या तशी मूळ फाइलकडे सोपवी आणि फक्त १६ स्वतःच्या हातात ठेवी. त्यामुळे पडद्यावर सारे आलबेल दिसे आणि यंत्र मात्र वेगळेच काही करी. पेढीवर एखादा तोतया गुमास्ता बसावा, बहुतेक टपाल त्याने इमानाने मुनीमजींकडे द्यावे आणि नेमकी बँकेची पत्रे स्वतःच्या खिशात घालावीत, तसेच हे. स्टक्सनेटचे लक्ष्य इराणमधील अणुप्रकल्प होता. पण सिमँटेक कंपनीच्या पाहणीत इराण आणि इंडोनेशिया यांच्यानंतर सर्वाधिक बाधित संगणक भारतात आढळले होते. आपण ज्या कारखान्यांना माल देतो तेथील पेन ड्राइव्ह आपल्या पेढीत येतात आणि आपले तेथे जातात, हे ध्यानात घ्यावे.

हे सारे दूर देशीचे वाटत असेल, तर पुण्याचेच उदाहरण घ्या. कॅलक्युलेटर दुरुस्तीच्या दुकानातून सुरुवात केलेल्या कैलास काटकर आणि त्यांचे बंधू संजय काटकर यांची क्विक हील ही कंपनी आपल्या व्यापाऱ्यांना चांगली ठाऊक आहे. पुण्यात मुख्यालय असलेल्या या कंपनीच्या सेक्राइट विभागाने सप्टेंबर २०२० मध्ये 'ऑपरेशन साइडकॉपी' या नावाने एक अहवाल प्रसिद्ध केला. भारतीय संरक्षण दलांना लक्ष्य करणारी ही मोहीम होती. तिची युक्ती पाहण्यासारखी आहे. हल्लेखोर विंडोजमधलीच एक अस्सल, मायक्रोसॉफ्टची आज्ञावली उचलून एका वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवीत आणि तिच्या शेजारी डीयूझर या नावाची बनावट डीएलएल ठेवीत. अस्सल आज्ञावली सुरू झाली की ती नेहमीप्रमाणे डीयूझरला हाक मारी, आणि शेजारची बनावट फाइल ओ देई. पहारेकऱ्याला दिसे ते ओळखीचे, स्वच्छ नाव. आमच्या पुतण्याने जी फाइल आणून सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्ये ठेवली, तिने नेमकी हीच जागा घेतली होती. फरक इतकाच की तेथे हल्लेखोरांनी ती ठेवली आणि येथे आम्ही आपल्या हाताने ठेवली.

सामाईक फाइल ज्याच्या भरवशावर तयार होते त्या माणसाचे काय, हाही प्रश्न आहेच. लिनक्स प्रणालीत अशा फायलींच्या नावाला 'एसओ' हे शेपूट असते. तेथे फायली दाबून लहान करणारी एक्सझेड नावाची सामाईक लायब्ररी जगभरातील असंख्य सर्व्हरवर असते आणि तिचा सांभाळ मुख्यतः एकच गृहस्थ विनामोबदला करीत होते. एका टोपणनावाच्या व्यक्तीने दोनेक वर्षे मदतनीस म्हणून मन लावून काम केले, विश्वास मिळविला आणि मग तीत चोरदार बसविले. ते उघडकीस आले २९ मार्च २०२४ रोजी. अँड्रेस फ्रॉइंड या अभियंत्याला संगणकात प्रवेश करताना सुमारे अर्धा सेकंद जास्त लागतो आहे असे आढळले, आणि त्याने ती बाब सोडून दिली नाही. ताळेबंदात एका रुपयाचा फरक आला म्हणून रात्रभर बसणारे मुनीम आपण पाहिले आहेत. मला हा मनुष्य त्यांच्याच जातकुळीतला वाटला.

मग ती चौकट आली तर करावे काय? प्रथम लक्षात घ्यावे की वही हरवलेली नसते. हिशेबाच्या फायली वेगळ्या असतात आणि त्या उघडणारी सामाईक फाइल वेगळी. दुसरी नसली तरी पहिल्या जागच्या जागी असतात. हे मला त्या दिवशी ठाऊक असते तर मी मुलाची घाई थांबविली असती. चौकटीचा मोबाइलवर फोटो काढावा. काल-परवा कोणते सॉफ्टवेअर काढले किंवा बसविले ते आठवावे. विषाणूरोधक सॉफ्टवेअरने ती फाइल संशयावरून कोठडीत टाकली नाही ना, हेही पाहावे. असे पुष्कळदा होते. तक्रार करणारे सॉफ्टवेअर मूळ कंपनीच्या संचातून पुन्हा बसविले की बहुतेक वेळा त्याची सामाईक फाइल आपोआप परत येते, मात्र त्याआधी हिशेबाच्या फोल्डरची प्रत बाजूला काढून ठेवावी. नावात व्हीसीरनटाइम किंवा एमएसव्हीसीपी अशी अक्षरे असतील, तर ती फाइल मायक्रोसॉफ्टच्या 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल' या संचातली असते आणि तो संच मायक्रोसॉफ्ट स्वतः विनामूल्य देते. विंडोजची स्वतःचीच फाइल बिघडली असेल तर 'सिस्टम फाइल चेकर' नावाची तपासणी विंडोजमध्येच अंतर्भूत आहे. आपल्या तंत्रज्ञाला ती चालवायला सांगावी, दहा-पंधरा मिनिटांचे काम.

सुटी डीएलएल मात्र कोणाकडूनही घेऊ नये, मित्राच्या संगणकावरूनही नाही. त्यात लबाडी नसली तरी गोंधळ होतो. ६४ बिटांच्या विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटांच्या फायली असतात आणि ३२ बिटांच्या फायली ज्या फोल्डरात असतात त्याच्या नावात ६४ येते! ही नावे ज्याने ठेवली त्याला आपल्या पेढीवर गुमास्ता म्हणूनही कोणी ठेवले नसते. आणखी एक सूचना विंडोज १० वापरणाऱ्यांसाठी. त्या प्रणालीचा नियमित आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला आहे, म्हणजे सामाईक फायलींची विनामूल्य डागडुजी तेथे नेहमीप्रमाणे येत राहील असे धरून चालू नये.

आणि प्रत. जीएसटी कायद्यानुसार हिशेबाची कागदपत्रे संबंधित वर्षाच्या वार्षिक विवरणपत्राच्या देय तारखेपासून ७२ महिने जपावी लागतात. ती जपण्याची जबाबदारी संगणकाची नसून आपली आहे. आता आमच्याकडे दोन हार्ड डिस्क आहेत. प्रत घेऊन झाली की डिस्क संगणकापासून काढायची, एक पेढीच्या तिजोरीत ठेवायची, दुसरी घरी न्यायची आणि आठवड्याने अदलाबदल करायची. हे काम मी पुतण्याकडेच सोपविले आहे. या प्रसंगानंतर त्याच्याइतका काळजीवाहू मनुष्य आमच्या घरात दुसरा नाही.

खंडणी आम्ही दिली नाही. सायबर गुन्ह्यांच्या राष्ट्रीय पोर्टलवर तक्रार नोंदविली. कोणाच्या खात्यातून पैसेच गेले असतील तर १९३० या क्रमांकावर जितक्या लवकर फोन करता येईल तितका बरा. संगणक पूर्ण पुसून नव्याने उभा केला. आमच्या सनदी लेखापालांकडे ४ तारखेपर्यंतच्या हिशेबाची एक प्रत लेखापरीक्षणासाठी गेलेली होती, ती त्यांनी त्याच दुपारी पाठविली. उरले ते मधले ११ दिवस.

ते ११ दिवस मुनीमजींच्या गल्ल्याखालून निघाले. संगणक आल्यापासून मी त्यांना कितीदा तरी म्हटले होते, "मुनीमजी, आता हाताने कशाला लिहिता?" ते मान हलवीत आणि संध्याकाळी दुकान बंद होण्यापूर्वी लाल कापडी बांधणीच्या वहीत रोजमेळ लिहून ठेवीत, आवक, जावक, उधारी, सारे तारीखवार. पुतण्या वही वाचत होता, मी आकडे भरीत होतो, मुनीमजी शेजारी चष्मा लावून बसले होते आणि दर पानाची बेरीज तोंडाने सांगत होते. १९ तारखेच्या रात्री सव्वाअकराला विवरणपत्र भरले गेले. मुनीमजींनी वही मिटली, तिला दोरी बांधली आणि पुतण्याला म्हणाले, "उद्या नवी वही आणा भैया, हिची पाने संपत आली."